सगळे मेल्यावर पुढचा सीझन कोणाला घेऊन करायचा? ‘स्क्विड गेम २’च्या पात्रनिवडीचा अभ्यास

कर्जात बुडालेली माणसं बक्षिसाच्या पैशांसाठी लहान मुलांचे खेळ खेळतात आणि हरणारा जिवाला मुकतो, अशी ही कोरियन मालिका. ‘स्क्विड गेम’चा पहिला सीझन १७ सप्टेंबर २०२१ ला नेटफ्लिक्सवर आला. नऊ भाग संपले तेव्हा ज्यांच्यासाठी लोकांनी रात्री जागवल्या होत्या, ती जवळजवळ सगळी माणसं गेलेली होती. उत्तर कोरियातून पळून आलेली से-ब्योक गेली, परदेशी मजूर अली गेला, सांग-वूने शेवटच्या खेळात स्वतःच्या हाताने जीव दिला. ००१ नंबरचा म्हातारा तर खेळाचा धनीच निघाला, आणि शेवटच्या भागात तोही गेला. खेळ पुरा करून जिवंत बाहेर आला तो एकटा सोंग गी-हुन.

एरवी मालिकेचा दुसरा सीझन करायचा म्हटलं की लोकांना आवडलेले चेहरे हाताशी असतात. कथा थोडी ढिली पडली तरी तेच चेहरे तिला ओढून नेतात. इथे ती सोय नव्हती. जून २०२२ मध्ये दुसरा सीझन जाहीर झाला तेव्हा लेखक-दिग्दर्शक ह्वांग दोंग-ह्योक यांना बहुतेक सगळी माणसं नव्याने उभी करायची होती, आणि तीही सगळं जग टक लावून बसलेलं असताना. त्यातले काही निर्णय फार चांगले ठरले, काही वादात सापडले, आणि एक मला आजही पटत नाही. पुढे दोन्ही सीझनच्याच नव्हे, तिसऱ्याच्याही शेवटाचा उल्लेख आहे. ज्यांनी पाहिलं नसेल त्यांनी आधी पाहून घ्यावं.

पहिल्या वेळी काय जमून आलं होतं

जीवघेण्या खेळाच्या गोष्टीत पात्रनिवडीची एक खास अडचण असते. नट जेवढा मोठा, तेवढा प्रेक्षकाला अंदाज येतो की हा लवकर मरणार नाही. पहिल्या सीझनमध्ये कोरियाबाहेरच्या प्रेक्षकाला हा अंदाज बांधताच येत नव्हता. ली जंग-जे कोरियात नव्वदच्या दशकापासूनचा स्टार. तिथल्या लोकांना त्याला कर्जबाजारी, आईचे पैसे चोरणारा माणूस म्हणून बघणं हाच धक्का होता. आपल्याकडे बहुतेकांसाठी तो फक्त गी-हुन होता. जंग हो-योन ही मॉडेल. तिने आधी अभिनयच केला नव्हता, न्यूयॉर्कहून ऑडिशनची टेप पाठवून तिने से-ब्योक मिळवली.

आणि अनुपम त्रिपाठी. दिल्लीत नाटक करणारा हा मुलगा २०१० मध्ये शिष्यवृत्तीवर सोलच्या कोरिया नॅशनल युनिव्हर्सिटी ऑफ आर्ट्समध्ये अभिनय शिकायला गेला, कोरियन भाषा तिथेच शिकला, आणि बरीच वर्षं हिंदी सिनेमात दोन मिनिटं दिसणाऱ्या नटासारख्या छोट्या भूमिका कोरियन चित्रपटांत करत राहिला. अलीची भूमिका त्याला मिळाली ती ऑडिशनमधून. कोरियन नीट बोलणारा आणि अभिनय येणारा परदेशी नट शोधणं किती अवघड होतं हे ह्वांग यांनी नंतर सांगितलं आहे. अनुपमचं हे उदाहरण पुढे एका वादात कामाला येणार आहे.

सप्टेंबर २०२२ मध्ये ली जंग-जेला एमी हा अमेरिकेतला टीव्हीचा मानाचा पुरस्कार मिळाला. इंग्रजी नसलेल्या मालिकेसाठी मुख्य अभिनेत्याचा तो पुरस्कार मिळवणारा तो पहिला नट. दिग्दर्शनाचा एमी ह्वांग यांना मिळाला. त्या दिवसानंतर या मालिकेत अनोळखी चेहरा घेणं जवळजवळ अशक्य झालं, कारण कोणाचंही नाव जाहीर झालं की दुसऱ्या मिनिटाला जगभरात त्याचं जुनं काम शोधून काढलं जाणार होतं.

जे परतले

आधीचे चार मुख्य चेहरे परत आले: ली जंग-जे, मुखवटा घालून खेळ चालवणारा फ्रंट मॅन झालेला ली ब्युंग-हन, पोलीस जून-हो झालेला वी हा-जून, आणि स्टेशनवर कागदाच्या चौकटींचा खेळ मांडून लोकांना गळाला लावणारा गोंग यू. यातल्या दोघांशी ह्वांग यांचं जुनं काम होतं. गोंग यू त्यांच्या २०११ च्या ‘सायलेन्स्ड’चा नायक, तर ली ब्युंग-हन २०१७ च्या ‘द फोर्ट्रेस’मध्ये होता. पहिल्या सीझनमध्ये हे दोघे जेमतेम दिसले होते. दिग्दर्शकाच्या शब्दाखातर मोठे नट छोटं काम करून गेले, असंच तेव्हा वाटलं. दुसऱ्या सीझनमध्ये कळलं की ह्वांग यांच्या हातात दोन हुकमी नट शिल्लक होते.

पहिल्याच भागात गोंग यूला जवळजवळ पूर्ण जागा दिली आहे. बागेत बेघर माणसांपुढे तो पाव आणि लॉटरीचं तिकीट धरतो, एकच निवडा म्हणतो, आणि उरलेले पाव त्यांच्यासमोर पायाखाली तुडवतो. गोंग यूचा चेहरा मुळात सभ्य, प्रेमळ नायकाचा. कोरियन प्रेक्षकाने त्याच्यावर वर्षानुवर्षं माया केलेली आहे. तोच चेहरा न बदलता हे करवून घेणं ही पात्रनिवडीतली ताकद आहे.

त्याहून मोठा डाव ली ब्युंग-हनचा. मुखवट्यामागच्या माणसाला ह्वांग यांनी ००१ नंबरचा ट्रॅकसूट घालून खेळातच उतरवलं. प्रेक्षकाला तो कोण हे ठाऊक आहे, गी-हुनला नाही. सहा पायांच्या शर्यतीत त्याच्यावर भोवरा फिरवायची पाळी येते तो प्रसंग पुन्हा बघा. भोवरा फिरत नाही, वेळ चाललाय, बरोबरच्यांचे जीव त्याच्यावर आहेत. तो चिडतो, रडवेला होतो, स्वतःलाच थपडा मारतो. बघताना आपण एकाच वेळी दोन गोष्टी तपासत असतो: भोवरा फिरतोय का, आणि हा माणूस खरंच घाबरलाय की खेळतोय. ली ब्युंग-हन दोन्ही शक्यता शेवटपर्यंत उघड्या ठेवतो. मुखवटा काढल्यावर पडदा पेलू शकेल असा नट २०२१ मध्येच त्या मुखवट्याआड बसवला होता म्हणून हे जमलं. दुसऱ्या सीझनमधली सर्वांत चांगली निवड ही माझ्या मते तीन वर्षं आधीच झालेली होती.

तरुण माणसं हवी होती, म्हणून

नव्या पात्रांत तरुण जास्त आहेत. याचं कारण ह्वांग यांनी मुलाखतींत सांगितलं आहे. पहिला सीझन लिहिताना त्यांना वाटत होतं की एवढं कर्ज व्हायला माणसाने निदान मध्यमवय गाठलेलं असलं पाहिजे. पुढच्या काही वर्षांत कोरियात क्रिप्टोच्या नादाने विशी-तिशीतली मुलं बुडताना दिसली आणि ते मत बदललं. त्यातून म्युंग-गी आला, यूट्यूबवर क्रिप्टो नाण्यांची शिफारस करून स्वतःही बुडालेला आणि बघणाऱ्यांनाही बुडवलेला. त्याची गरोदर प्रेयसी जून-ही आली. त्याच्या सल्ल्याने पैसे घालवलेला रॅपर थानोस आला.

तरुण पात्रं म्हटल्यावर कोरियात निवडीचा मोठा भाग आपोआप आयडॉल गटांकडे, म्हणजे तरुण पॉप गायकांच्या गटांकडे वळतो. म्युंग-गी झालेला यिम सी-वान झेड-ई-ए या गटातून आलेला, पण २०१४ च्या ‘मिसेंग’पासून पक्का नट म्हणून ओळखला जाणारा. त्याच्याबद्दल कोणाला शंका नव्हती. जून-हीसाठी निवडलेल्या जो यु-रीबद्दल मात्र होती. ती गायिका, अभिनयाचं काम फार नाही, आणि भूमिका पोटुशी मुलीची. तिने ऑडिशनच्या अनेक फेऱ्या दिल्या.

तिच्या निवडीत मला एक गोष्ट फार भिडते. जो यु-री २०१८ च्या ‘प्रोड्यूस ४८’ या गायिका निवडण्याच्या टीव्ही स्पर्धेतून पुढे आली. ९६ मुली, त्यातल्या शेवटी १२ निवडायच्या, बाकीच्या घरी. ती तिसरी आली आणि आयझोन या गटात गेली. पुढे त्या ‘प्रोड्यूस’ मालिकेतल्या प्रेक्षकांच्या मतदानात फेरफार झाल्याचं सिद्ध झालं आणि निर्मात्याला तुरुंगवास झाला. ज्या खेळात नियम वरून कोणीतरी हलवत होतं, त्या खेळात ही मुलगी सोळा-सतराव्या वर्षी उभी राहिली होती. ‘स्क्विड गेम’मध्ये प्रत्येक खेळानंतर निळं आणि लाल बटण दाबून मतदान होतं, आणि तिथे तिच्या चेहऱ्यावर जो सावध थकवा दिसतो तो शिकवून येतो असं मला वाटत नाही. तिसऱ्या सीझनमध्ये तिचं बाळ हाच कथेचा केंद्रबिंदू होतो. म्हणजे दिग्दर्शकाने सगळ्यांत जड ओझं सगळ्यांत कमी अनुभवाच्या नटीवर टाकलं होतं, आणि तिने ते वाहिलं.

जून २०२३: दोन याद्या

१७ जून २०२३ ला ब्राझीलमधल्या साओ पाउलो इथे नेटफ्लिक्सच्या तुदुम कार्यक्रमात पहिली घोषणा झाली. चार जुने, चार नवे: यिम सी-वान, कांग हा-नल, पार्क सुंग-हून, यांग डोंग-गन. आठच्या आठ पुरुष. पहिल्या सीझनची जान से-ब्योक आणि ली यू-मीची जी-यंग यांच्यात होती. जी-यंगसाठी ली यू-मीलाही एमी मिळाला होता. तेव्हा ‘बायका कुठे आहेत?’ हा प्रश्न लगेच आला, आणि तो रास्तच होता. बारा दिवसांनी दुसरी यादी आली. तिच्यात पार्क ग्यू-यंग, जो यु-री, कांग ए-शिम आणि वॉन जी-आन या चौघी होत्या, आणि ली जिन-वुक, ली डेव्हिड, रो जे-वॉन, चोई सूंग-ह्यून हे चौघे. निवड आधीच झालेली असणार, कारण शूटिंग लगेच जुलैत सुरू झालं. फक्त नावं कोणत्या क्रमाने सांगायची एवढंच ठरवायचं होतं, आणि नेमकं तिथेच चुकलं. बायकांची नावं मागे ठेवली म्हणून त्या विनाकारण टीकेचं उत्तर असल्यासारख्या दिसल्या.

पार्क ग्यू-यंगच्या बाबतीत मात्र हे लपवणं फळाला आलं. तिचं नाव वाचून सगळ्यांनी ती खेळाडू असणार असं धरलं. प्रत्यक्षात ती गुलाबी पोशाखातली रक्षक नो-उल निघाली, मुलगी उत्तर कोरियात मागे राहिलेली आई. रक्षकाला पहिल्यांदाच चेहरा आणि घरदार मिळालं. नावाजलेली नटी घेऊन तिला मुखवट्याआड ठेवायचं, ही युक्ती ह्वांग यांनी ली ब्युंग-हनवर आधीच वापरून पाहिली होती.

चोई सूंग-ह्यून

दुसऱ्या यादीतल्या एका नावावर कोरियात त्याच दिवशी वाद पेटला. चोई सूंग-ह्यून म्हणजे बिगबँग गटातला रॅपर ‘टॉप’. २०१६ मधलं गांजा सेवनाचं प्रकरण २०१७ मध्ये बाहेर आलं तेव्हा तो सक्तीच्या लष्करी सेवेचा भाग म्हणून पोलीस दलात होता. जुलै २०१७ मध्ये सोलच्या न्यायालयाने त्याला १० महिन्यांची शिक्षा सुनावली आणि ती दोन वर्षं स्थगित ठेवली. उरलेली सेवा त्याने सरकारी कार्यालयात पूर्ण केली. कोरियात परत काम करायचा विचार नाही असं त्याने स्वतःच चाहत्यांना सांगितलं होतं, हेही लोकांच्या लक्षात होतं.

आपल्याकडच्या वाचकाला गांजाच्या प्रकरणावरून एवढा गहजब का, असा प्रश्न पडेल. कोरियात अमली पदार्थांच्या गुन्ह्याला क्षमा जवळजवळ नाही. दूरचित्रवाणी वाहिन्या अशा कलाकारांवर वर्षानुवर्षं बंदी ठेवतात. त्यात २०२३ हे साल विशेष कठीण होतं. फेब्रुवारीपासून यू आ-इन या पहिल्या फळीतल्या नटाची चौकशी चालू होती, आणि नेटफ्लिक्सच्याच ‘हेलबाउंड’च्या दुसऱ्या सीझनमध्ये त्याच्या जागी किम सुंग-चोलला घेण्यात आलं. म्हणजे एकाच प्लॅटफॉर्मवर एका नटाला अमली पदार्थांच्या आरोपावरून भूमिकेतून दूर केलं जात होतं आणि शिक्षा झालेल्या दुसऱ्याला जगातल्या सर्वांत गाजलेल्या कोरियन मालिकेत घेतलं जात होतं. त्यावर भूमिका कोणती, तर कायम नशेत असलेला रॅपर.

अफवाही उठल्या. ली ब्युंग-हनबरोबर त्याने २००९ च्या ‘आयरिस’मध्ये काम केलेलं, ली जंग-जेशी ओळख, तेव्हा वशिला लागला असणार असं लोक म्हणू लागले. ली जंग-जेच्या एजन्सीला खुलासा करावा लागला की निवडीशी त्याचा संबंध नाही. दिग्दर्शक मात्र गप्प राहिले. त्यांचं म्हणणं ऑगस्ट २०२४ मध्ये, तेरा महिन्यांनी, छापून आलं. त्याचा आशय असा: बराच काळ लोटला होता, शिक्षेची मुदत संपली होती, अशा प्रकरणांनंतर परतलेले इतरही होते, म्हणून त्याने काम करायला हरकत नाही असं वाटलं, लोकांचा विरोध अपेक्षेपेक्षा फार जास्त निघाला आणि आपला अंदाज चुकला असावा असं जाणवलं, पण ऑडिशन, वाचनं यांतून तो या भूमिकेला योग्य असल्याची खात्री पटली होती, म्हणून निर्णय कायम ठेवला.

हे उत्तर प्रामाणिक आहे. ते तेरा महिने आधी यायला हवं होतं. नाव जाहीर करतानाच दोन ओळी दिल्या असत्या तर विरोध थांबला नसता, पण वशिल्याच्या कुजबुजीला जागा उरली नसती, आणि बाकीच्या सात जणांची घोषणा झाकोळली गेली नसती. कांग ए-शिमसारख्या ज्येष्ठ अभिनेत्रीच्या वाट्याला आलेला तो दिवस दुसऱ्याच्या वादात गेला, याचं मला वाईट वाटतं.

आता पडद्यावरचं. जांभळे केस, रंगवलेली नखं, गळ्यातल्या क्रॉसमध्ये रंगीत गोळ्या. थानोस कोरियाबाहेर लोकांना फार आवडला, कोरियात अनेकांना तो आक्रस्ताळा वाटला. दोन्ही समजण्यासारखं आहे. त्याची इंग्रजी मिसळलेली टपोरी भाषा सबटायटलमधून वाचणाऱ्याला मजेशीर लागते, रोज कोरियन ऐकणाऱ्याच्या कानाला ती बनावट लागते. माझ्यापुरतं मला एक प्रसंग पुरेसा आहे. ‘रेड लाइट, ग्रीन लाइट’मध्ये शेजारी रक्त उडतं, तो थिजतो, हळूच नशेची गोळी तोंडात टाकतो, आणि क्षणभराने तोंडावर हसू पसरतं. मग तो गंमत म्हणून पुढच्यांना ढकलू लागतो. नशा माणसातली भीती काढते आणि तिच्याबरोबर दयाही काढते, हे त्या दहा-पंधरा सेकंदांत जितकं दिसतं तितकं कुठल्याही भाषणात दिसलं नसतं. स्वतःच्या बदनामीचंच सोंग जगापुढे घ्यायला त्याला किती जड गेलं असेल याची कल्पना येते. दिग्दर्शकांनीही हे धाडस असल्याचं म्हटलं होतं.

तरी विरोधकांचा मुद्दा मी सोडून देणार नाही. दुसरी संधी मिळायला हवी, हे मला मान्य आहे. ही मालिकाच समाजाने मोडीत काढलेल्या माणसांची आहे. पण अशाच गुन्ह्यात सापडलेल्या साध्या मुलाला नोकरी मिळत नाही, आणि प्रसिद्ध माणसाला परतायला जगातला सर्वांत मोठा मंच मिळतो. हे कोरियन तरुणांना सलत असेल तर त्यात मत्सर नाही, न्यायाची मागणी आहे. एका नटाला वगळून ती पुरी होणार नव्हती, पण ती ऐकली गेली असं वाटायला हवं होतं.

ह्यून-जू कोणी करायची?

पार्क सुंग-हूनचं नाव पहिल्याच यादीत होतं, भूमिका मात्र प्रदर्शनाच्या थोडं आधी कळली. १२० नंबर, ह्यून-जू, विशेष दलातून काढलेली माजी सैनिक, लिंगबदलाची उरलेली शस्त्रक्रिया करून थायलंडला जाण्यासाठी पैसे हवे असलेली ट्रान्सजेंडर स्त्री. कोरियात ही भूमिका कल्पनेतली वाटत नाही. ब्योन ही-सू या सैनिकेला शस्त्रक्रियेनंतर जानेवारी २०२० मध्ये सैन्यातून काढलं होतं. मार्च २०२१ मध्ये ती घरी मृतावस्थेत सापडली. तिला काढणं बेकायदा होतं असा निकाल त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये लागला. ह्यून-जू बंदूक हातात घेऊन इतरांना गोळी कशी भरायची हे शिकवते, तेव्हा मला ब्योन आठवल्याशिवाय राहिली नाही.

म्हणूनच ही भूमिका पुरुष नटाकडे का, या प्रश्नाची धार जास्त होती. ह्वांग यांनी सांगितलं की सुरुवातीला ट्रान्सजेंडर कलाकार घ्यायचा विचार होता, शोधही घेतला, पण कोरियात उघडपणे ट्रान्सजेंडर असलेले नट जवळजवळ नाहीतच. हे खोटं नाही. हरिसू २००१ मध्ये एका जाहिरातीतून पुढे आली आणि देशभर ओळखली गेली, पण तिच्या मागून वाट मोकळी झाली नाही. हाँग सोक-चोन या नटाने २००० मध्ये आपण समलिंगी असल्याचं सांगितलं, तर त्याची कामंच गेली. हे बघून पुढच्या पिढीतल्या किती जणांनी तोंड उघडलं असेल?

इथे अनुपम त्रिपाठीकडे परत यावं लागतं. अलीसाठी शोध घेतला तेव्हा नट सापडला, कारण एका सरकारी कलाविद्यापीठाने आशियातल्या मुलांना शिष्यवृत्ती देऊन, भाषा आणि अभिनय शिकवून तो दहा वर्षं आधी तयार केला होता. अली पाकिस्तानी आणि अनुपम भारतीय, तेव्हा तिथेही सगळं जसंच्या तसं नव्हतं, पण परदेशी मजुराची भूमिका परदेशातून आलेल्या, कोरियात उपरेपण भोगलेल्या माणसाने केली. ह्यून-जूसाठी असं तयार केलेलं माणूसच नव्हतं. ऑडिशनच्या खोलीत जे येतं ते कित्येक वर्षांपूर्वी कोणाला शिकायला घेतलं, कोणाला काम दिलं, यावरून ठरलेलं असतं. दिग्दर्शकाला एकट्याला दोष देऊन हे सुटत नाही. मात्र शूटिंग सुरू व्हायच्या आधी वर्षभर हाताशी होतं, पैसा होता, जगभरातलं लक्ष होतं. नायिकेसाठी नाही तरी तिच्या भोवतीच्या एखाद्या छोट्या भूमिकेसाठी एका ट्रान्सजेंडर कलाकाराला उभं करता आलं असतं. ती संधी गेली.

पार्क सुंग-हूनच्या कामाबद्दल मात्र मनापासून चांगलंच बोलायला हवं. ‘द ग्लोरी’मध्ये त्याने एक किळसवाणा, मुजोर श्रीमंत पोरगा केला होता. तोच नट इथे आवाज चढवत नाही, हातवारे करत नाही, बाईपणाचं सोंग आणत नाही. ह्यून-जू त्या सगळ्या गर्दीत सर्वांत शहाणी आणि विश्वासू माणूस वाटते. तिसऱ्या सीझनमध्ये ती लवकर जाते तेव्हा कथेतली एक मोठी पोकळी जाणवते.

ज्यांच्याबद्दल बोललं गेलं नाही

वादांच्या धुरळ्यात सगळ्यांत पक्की निवड झाकली गेली. मुलाचं कर्ज फेडायला चोरून खेळात आलेली आई गम-जा, आणि तिथेच तिला भेटलेला तो मुलगा योंग-सिक. कांग ए-शिम रंगभूमीवर आयुष्य घालवलेल्या अभिनेत्री, यांग डोंग-गन लहानपणापासून कॅमेऱ्यापुढे वाढलेला. दोघे एकमेकांना पहिल्यांदा बघतात तिथे आई मुलावर ओरडते, आणि त्या ओरडण्यात राग, लाज आणि ‘जेवलास का’ हे सगळं एकत्र ऐकू येतं. नाटकातल्या माणसाचा आवाज हजारोंच्या सेटवरही हरवत नाही. गम-जाच्या अंबाड्यातला काटा दुसऱ्या सीझनमध्ये नुसता दागिना वाटतो. तिसऱ्यात त्याच काट्याने ती पोटच्या पोराला थांबवते, एका परक्या मुलीला आणि तिच्या बाळाला वाचवायला. हा प्रसंग दुसऱ्या कोणाकडून भडक झाला असता. कांग ए-शिम तो करताना जवळजवळ काहीच करत नाहीत, आणि ते बघवत नाही.

एक तक्रार मात्र संपूर्ण निवडीबद्दल आहे. नावाजलेला नट घेतला की त्याला प्रसंग द्यावा लागतो, आणि इथे नावाजलेले फार झाले. पहिल्या सीझनमध्ये नऊ भागांत सहा-सात माणसांवर जीव जडवला होता. दुसऱ्यात सात भाग आणि डझनाहून जास्त माणसं. वॉन जी-आनची से-मी पुरती कळायच्या आत मारली जाते. ली जिन-वुकच्या वाट्याला आजारी मुलीचा बाप एवढीच ओळख येते. कांग हा-नलच्या दे-होला जे सांगायचं आहे ते थेट तिसऱ्या सीझनमध्ये उमगतं. एकच गोष्ट दोन सीझनमध्ये कापल्याने हे आणखी बोचतं.

आकड्यांना यातलं काही बाधलं नाही. २६ डिसेंबर २०२४ ला दुसरा सीझन आला आणि पहिल्या चार दिवसांत ६ कोटी ८० लाख व्ह्यूज झाले, नेटफ्लिक्सवर तोवर कोणत्याही मालिकेची एवढी मोठी सुरुवात झाली नव्हती. २७ जून २०२५ ला आलेल्या तिसऱ्याने तीनच दिवसांत ६ कोटी ओलांडले.

आणि आता ती न पटलेली निवड. तिसऱ्या सीझनच्या अगदी शेवटी फ्रंट मॅन लॉस एंजेलिसच्या रस्त्याने जात असतो. गल्लीत सूट घातलेली एक बाई एका बेघर माणसाशी कागदी चौकटींचा तोच खेळ खेळतेय, हरला की थोबाडीत देतेय. ती हॉलिवूडची केट ब्लँचेट. कोणीतरी बाई असावी आणि एका नजरेत पडदा व्यापणारी असावी, असा दिग्दर्शकांचा विचार होता, आणि ब्लँचेट ते करतेच. पण जी मालिका कोरियाबाहेर कोणाच्याही ओळखीच्या नसलेल्या चेहऱ्यांवर उभी राहिली, तिची शेवटची भूमिका जगात सगळ्यांत जास्त ओळखल्या जाणाऱ्या चेहऱ्यांपैकी एकाला दिली. त्या क्षणी प्रेक्षक खेळ विसरतो आणि ‘अरे, ही तर केट ब्लँचेट’ म्हणतो. लॉस एंजेलिसमध्ये रंगभूमीवरची, कधी पडद्यावर न आलेली, पन्नाशीतली एखादी अभिनेत्री नक्की होती. ह्वांग यांनी से-ब्योकसाठी जशी टेप मागवली होती तशी इथेही मागवायला हवी होती.